‘सांता ओरोसिया’वरचे कैदी

गास्पारने पाण्याचं पिंप लाथेने आडवं केलं, तसा खालच्या अंधारात कोंबलेल्या फ्रेंच कैद्यांच्या घशातून एकच आवाज निघाला. पाणी फळ्यांवरून खळाळत गेलं आणि समुद्रात पडलं.

“उद्या बघू,” गास्पार म्हणाला. “आज समुद्रालाच तहान लागली होती.”

बरोबरचे तिघे पहारेकरी खो खो हसले.

‘सांता ओरोसिया’ एके काळी स्पेनचं लढाऊ जहाज होतं. ट्राफाल्गारच्या आरमारी लढाईत ते इंग्रजांशी झुंजलं तेव्हा फ्रेंच जहाजं त्याच्या खांद्याला खांदा लावून उभी होती, आणि गास्पार त्याच्यावर तोफांना दारू पुरवत होता. आता सगळंच उलटं झालं होतं. इंग्रज दोस्त झाले होते आणि फ्रेंच स्पेनच्या कादीझ शहराला वेढा घालून खाडीपलीकडच्या किनाऱ्यावर बसले होते. जहाजाच्या डोलकाठ्या उतरवून, खाडीत नांगरून, त्याचा तुरुंग केला होता.

गास्पारचा धाकटा भाऊ फ्रोइलान याला फ्रेंचांनी गावच्या चौकात भिंतीशी उभं करून गोळ्या घातल्या होत्या. आईच्या डोळ्यांदेखत. तेव्हापासून गास्पारला सुडाशिवाय दुसरं काही सुचत नव्हतं.

कैद्यांमध्ये इव्हों केर्देल नावाचा एक ब्रेटन, म्हणजे फ्रान्सच्या पश्चिम किनाऱ्यावरचा, तोफची होता. ट्राफाल्गारनंतर फ्रेंचांची उरलीसुरली जहाजं कादीझच्या बंदरात अडकून पडली, तेव्हापासूनचा तो इथला. गल्ल्या पाठ, खानावळी पाठ. बोलायचा तो थेट इथल्या कोळणींसारखा, अर्धी अक्षरं गिळून. गास्पारला नेमकं तेच खुपायचं.

“हवालदार,” केर्देल खालून झडपेच्या जाळीला तोंड लावून म्हणाला, “जानिक तापाने फणफणलाय. माझ्या वाटचं पाणी तरी दे त्याला.”

“तुझ्या वाटचं ते काय!” गास्पारने समुद्राकडे बोट केलं. “चिक्कार आहे. पाज की.”

“माझ्या बहिणीचा नवरा आहे रे तो.”

“आणि मला भाऊ होता.”

जानिक सकाळी गेला. गास्पारने त्याच्या पायाला दगड बांधायला लावला आणि प्रेत कठड्यावरून ढकललं. प्रार्थना करू दिली नाही. केर्देल बघत राहिला. शिवी नाही, डोळ्यांत पाणी नाही. त्या दिवसापासून गास्पारने त्याच्याकडे पाठ केली नाही. हा एक दिवस सुरा खुपसणार, याची त्याला खात्रीच होती.

मे महिन्यात नैर्ऋत्येचा वारा सुटला. असा की शहरातून पाण्याच्या होड्या यायच्याही थांबल्या. संध्याकाळी गास्पार भाकरीचा तुकडा मोडत बसला होता. एकाएकी जहाज आडवं वळलं. तो जहाजाच्या पुढच्या टोकाला, नाळेकडे धावला. खालच्या मजल्यातून बाहेर जाणारे नांगरांचे दोर तुटून लोंबत होते. मागे जाळी कडाडली आणि कैद्यांचा लोंढा वर आला.

पहारेकऱ्यांना बंदूक उचलायलाही सवड मिळाली नाही. वारा जहाजाला फ्रेंचांच्या किनाऱ्याकडे रेटत होता. कादीझच्या तोफनौकांनी गोळे सोडले. माणसं पटापट पडली. पण लाटा त्या नौकांना जवळ येऊ देईनात, आणि शेवटी ‘सांता ओरोसिया’ पलीकडच्या चिखलात रुतली.

कैद्यांनी गास्पारला कठड्यावर उलटा धरला होता.

“सोडा त्याला,” केर्देल म्हणाला. “तो माझा आहे.”

गास्पारने डोळे मिटून फ्रोइलानचं नाव घेतलं. पण सुरा आला नाही.

त्याला मिठागराच्या एका कोठारात ठेवलं. पहिल्याच दुपारी केर्देल मटणाचा रस्सा आणि दारू घेऊन आला.

“विष घातलंयस?”

केर्देलने त्यातलाच घास खाल्ला आणि ताट पुढे सरकवलं. “जेव.”

रोज तेच. मग कोरडी गादी आली. धुतलेला सदरा आला. एका मेलेल्या फ्रेंच अधिकाऱ्याचे जवळजवळ नवे बूट आले. बाकीचे तिघे पहारेकरी शेजारच्या कुंपणात उघड्यावर पडून होते, कांद्याच्या पाण्यावर. फटीतून ते गास्पारच्या ताटाकडे बघायचे.

“एवढं कशाला करतोयस?” गास्पारने एकदा विचारलं.

“बारीक होऊ नकोस,” केर्देल एवढंच म्हणाला.

गास्पारने आपल्यापुरता अर्थ लावला. हा घाबरलाय. उद्या वेढा उठला, बाजू पालटली, तर कामाला यावा म्हणून आपल्याला जपतोय. भेकड जात! त्याने बूट पायात चढवले आणि पोटभर जेवला.

काही आठवड्यांनी कैद्यांची अदलाबदल ठरली. पांढरं निशाण लावलेल्या दोन होड्या भर दुपारी खाडीच्या मध्यावर एकमेकींना टेकल्या. शहराकडून लेफ्टनंट उल्योआ आला होता. फ्रेंचांकडून दुभाषा म्हणून केर्देल.

तिघे पहारेकरी आधी चढले. एकाला तर हात देऊन ओढून घ्यावं लागलं. उल्योआने त्यांच्या बरगड्यांकडे पाहिलं आणि मग अजून पलीकडच्या होडीत उभ्या असलेल्या गास्पारकडे.

“नांगरांचे मांडीएवढे जाड दोर,” उल्योआ म्हणाला. “दातांनी तुटले नाहीत. कुऱ्हाडीने तोडलेत. कैद्यांकडे कुऱ्हाड आली कुठून?”

तिघांतल्या एकाने गास्पारच्या बुटांकडे बघून तोंड फिरवलं.

“मला काय ठाऊक, साहेब?” गास्पार म्हणाला. त्याला खरोखरच ठाऊक नव्हतं. “माझ्याइतका यांचा द्वेष कुणी—”

केर्देलने त्याला मागून धरलं. गास्पारचं अंग ताठलं. आता, शेवटी, सुरा. पण केर्देलने त्याला आपल्याकडे वळवलं, छातीशी घट्ट धरलं, दोन्ही गालांचे मुके घेतले आणि दोन्ही होड्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, अस्सल कादीझच्या बोलीत म्हणाला,

“जातोस गास्पार? जा बाबा, सांभाळून राहा. तू दिलेल्या त्या कुऱ्हाडीचे उपकार आमच्यातला एकही जण विसरणार नाही.”