तीन गाठींची फीत

१९८४ सालच्या मार्चमध्ये बाईया प्रांतातल्या काशोएरा गावाच्या थांब्यावर बस सुरू होऊन उभी होती आणि दोना एउलिना मुलाचा हात सोडत नव्हती.

"आई, ड्रायव्हर ओरडतोय."

"ओरडू दे. त्याला आई नाही का? हात पुढे कर."

मिरोनं डावा हात पुढे केला. एकोणीस वर्षांचा, दारासारखा रुंद पोरगा. सॅल्वाडोर शहरातल्या फुटबॉल क्लबात बचावफळीत खेळताना पाहून पोर्तुगालच्या एका क्लबानं त्याला उचललं होतं. एउलिनानं त्याच्या मनगटावर बोनफिमच्या देवळातली निळी फीत बांधली. प्रत्येक गाठ मारताना डोळे मिटले, ओठ हलवले. तीन गाठी, तीन मागणी, अशी आमच्याकडची रीत.

"काय मागितलंस?"

"सांगितलं तर फळेल का, गाढवा? तिन्ही गाठींना एकच मागितलंय, एवढं सांगते. आणि कापायची नाही. आपली आपण झिजून तुटली, की देवानं ऐकलं समजायचं."

तिन्हींना एकच, म्हणजे मागणं मोठंच असणार. मिरोला तसं वाटलं, आणि बसपाशी जमलेल्या साऱ्या गल्लीलाही.

पोर्तुगालच्या पहिल्याच सामन्यात पंचानं फितीकडे बोट दाखवून ती काढायला सांगितली. क्लबाचे बूट-कपडे सांभाळणारा म्हातारा आर्लिंदो कात्री घेऊन आला.

"कापायची नाही," मिरो म्हणाला.

"तुम्ही बाईयाचे लोक म्हणजे अर्धे पायानं खेळता, अर्धे देवावर," म्हातारा कुरकुरला. मग त्यानं मनगटावर पांढरी चिकटपट्टी घट्ट गुंडाळली. "घे. पंचही खूश, देवही खूश. हिच्याखाली तुझी फीत शंभर वर्षं टिकेल बघ."

पुढे मिरोला ती सवयच लागली. पट्टी भिजली, मळली की नवी.

दर रविवारी तो गावातल्या औषधांच्या दुकानात फोन करी. एउलिना प्रार्थनेहून परस्पर येऊन तिथल्या बाकावर बसलेली असे. सामना जिंकलास का, हे तिनं कधी विचारलं नाही.

"जेवलास?"

"जेवलो."

"फीत?"

"आहे अजून."

"हं," ती म्हणे, आणि फोन मुलीकडे देई.

त्या 'हं'नं मिरो आठवडाभर बेचैन असायचा.

"तिला तू राष्ट्रीय संघात दिसायला हवायस," बहीण मारिनाल्वा म्हणायची. "दुसरं काय असणार? घरात तुझ्या फितीशिवाय विषय नाही. मी मेले तरी आधी तुझ्या मनगटाची चौकशी करेल."

"सामने बघते का माझे?"

"छे! टीव्ही लागला की उठून मागच्या फणसाखाली जाऊन बसते. हरलास तर सोसणार नाही म्हणून असेल."

पोर्तुगालनंतर बेल्जियम झालं. तिथं मैदान दगडासारखं गोठायचं. उजव्या गुडघ्यात सुई टोचून घ्यायची, नव्वद मिनिटं पुढच्याच्या अंगावर आदळायचं, आणि खोलीवर येऊन उकडलेले बटाटे खायचे. घरच्या पाम तेलातल्या मासळीचा वास त्याला स्वप्नात यायचा. एका हिवाळ्यात सॅल्वाडोरच्या जुन्या क्लबानं त्याला बोलावलं. पैसा कमी, पण काशोएरा दोन तासांवर. त्यानं मनातल्या मनात बॅगही भरली. रविवारी सांगू म्हणून फोन लावला.

"फीत?" एउलिनानं विचारलं.

"आहे अजून."

"हं." मग म्हणाली, "असू दे. देवाच्या मनात येईल तेव्हा."

बोलावणं आल्याचं त्यानं सांगितलंच नाही. आईचं मागणं अर्धं टाकून कोणत्या तोंडानं घरी जायचं? सॅल्वाडोरला नकार कळवला, मनगटावर नवी पट्टी गुंडाळली आणि त्याच वर्षी इटलीच्या दुसऱ्या श्रेणीतल्या क्लबाशी करार केला.

इटलीत गुडघा पुरता गेला. गोरे तरुण त्याला वळसा घालून पळू लागले, प्रेक्षक त्याला 'कपाट' म्हणू लागले. शेवटी त्याला नुसतं राखीव खेळाडूंच्या बाकावर बसवायला लागले. बाकावर बसणाऱ्याचं मनगट कोणता पंच बघतो? त्यानं पट्टी गुंडाळणं सोडून दिलं.

काही महिन्यांतच एका सकाळी तोंड धुताना फीत गळून बेसिनमध्ये पडली. रंग उडून राखाडी झालेली, दोऱ्यासारखी. त्यानं ती उचलून तळहातावर धरली. मोठा क्लब नाही, राष्ट्रीय संघ नाही, आणि ही तुटली कशी?

"आई, फीत तुटली."

पलीकडे फोन बाकावर आपटला. मग मारिनाल्वानं फोन घेतला. "अरे, काय सांगितलंस तिला? बाकावर बसून हसतेय की रडतेय, काही कळत नाही!"

१९९६ च्या जूनमध्ये मिरो लंगडत बसमधून उतरला.

आर्लिंदो त्याआधीच वारला होता. इटलीतला तो क्लब पुढे बुडाला. मारिनाल्वानं त्याच औषधांच्या दुकानाच्या मालकाशी लग्न केलं, आणि अजूनही त्या बाकावर कुणाला टेकू देत नाही. मिरो नदीकाठच्या पोरांना खेळ शिकवतो. त्यांच्या मनगटांवर फिती असतात, पट्टी मात्र तो कुणाला गुंडाळू देत नाही.

एउलिनाला मुलाचा सहवास एका पावसाळ्यापुरताच मिळाला. शेवटी ती अंथरुणाला खिळली, तेव्हा मिरो तिच्या उशाशी बसून म्हणाला, "आई, मला माफ कर. तुझ्या फितीची लाज राखली नाही मी. एवढ्या वर्षांत काहीच मोठं केलं नाही."

"मोठं?" तिनं त्याचं उघडं मनगट चाचपलं. "मी कुठं मोठं मागितलं होतं रे? तिन्ही गाठींना एकच मागितलं, पोर लवकर घरी येऊ दे."