होडी जशी आहे तशी

“यातलं गोळीचं भोक कुठलं?” दिल्लीहून आलेल्या साहेबांनी होडीच्या फळीवर वाकून विचारलं. सहा वर्षांत पहिल्यांदा कुणी पाहणीला आलं, आणि तेही मलाच विचारत होतं!

परक्या देशाच्या गस्ती बोटीने आमच्या होडीवर गोळ्या झाडल्या, त्यात माझा नवरा गेला. सासऱ्यांनी त्याच होडीतून त्याला घरी आणलं. “त्यांच्याकडून भरपाई आपलं सरकार मागेल,” असं तेव्हा कचेरीत सांगितलं होतं. “तुम्ही फक्त पुरावा सांभाळा. होडी जशी आहे तशी ठेवा.”

आम्ही ठेवली. दरवर्षी अख्खा कोळीवाडा आपापल्या होड्यांना तेल पाजायचा, भेगा बुजवायचा. सासरेही तेलाचा डबा घेऊन निघायचे. “बाबा, पुरावा आहे तो,” म्हणत मीच त्यांना अडवायची. मग ते डबा खाली ठेवून होडीपाशी नुसते बसून राहायचे.

आता सगळी फळी भुंग्यांनी पोखरली होती. जिकडे तिकडे सारखीच गोल भोकं. मी एकात बोट घातलं. “हे, साहेब. याच्यामागेच आमचे हे बसले होते.”

साहेबांनी कागदावर लिहिलं, ‘भोके अनेक. कारण अस्पष्ट.’

सासऱ्यांनी घरातून डबा आणला. “साहेब, झालं ना तुमचं? आता तरी तेल पाजू का तिला?”

“छे छे! तज्ज्ञांचं पथक यायचंय अजून. तोवर हात लावू नका.”

सासऱ्यांनी डबा खाली ठेवला. या वेळी मला अडवावं लागलं नाही.