खिडकीसमोरची खोली

"काम चालू असतानाच आला असतात, तर मनाई हुकूम घेतला असता," वकील म्हणाले. "आता शेजाऱ्यांची खोली उभी राहिलीय. भरपाई मागा, नाहीतर पाडकामाचा हुकूम. त्याला मात्र वर्षं लागतील."

"भरपाई घेऊन काय करू? मला उजेड हवाय," बिडकरबाई म्हणाल्या. खोतांच्या त्या खोलीची भिंत त्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीला चिकटून उठली होती. भर दुपारी दिवा लावून त्या भाकऱ्या थापायच्या.

निकाल लागायला सात वर्षं गेली. तोवर खोतांच्या आईनं त्याच खोलीत अंथरूण धरलं होतं. कोर्टाचा बेलीफ मजूर घेऊन आला, तेव्हा खोतांनी तिला उचलून पडवीत खाटेवर ठेवलं. भिंत कोसळली, धुरळा बसला आणि म्हातारीनं बिडकरबाईंना जवळ बोलावलं.

"आला का गं उजेड?" तिच्या आवाजात राग नव्हता.

बाईंनी तिच्या पांघरुणावरचा धुरळा झटकला. चौथ्या दिवशी म्हातारी गेली.

आता रोज सकाळी ओट्यावर ऊन पडतं. बिडकरबाई हातातलं काम थांबवतात, बाहेरच्या मोकळ्या जागेकडे बघतात आणि हळूच म्हणतात, "आला, काकू."