चारशे बारा पासपोर्ट

"तीस वर्षांच्या नोकरीत," राजदूत एवारिस्तो साहेब बंगल्यावरच्या निरोप समारंभात सांगत होते, "घरकामाला आलेल्या आपल्या चारशे बारा फिलिपिनो मुलींचे पासपोर्ट मी परदेशी मालकांच्या कपाटांतून सोडवले."

टाळ्या थांबेनात. मीही वाजवल्या असत्या, पण माझ्या हातात पाहुण्यांसाठी तळलेल्या लुंपिया रोल्सचा ट्रे होता.

दोन वर्षांपूर्वी आई गेली, तेव्हा मायदेशी इलोइलोला भावांनी तिची शवपेटी नऊ दिवस घरात ठेवली होती, माझी वाट बघत. साहेबांच्या मॅडम रोज म्हणायच्या, "तुझा पासपोर्ट ऑफिसात अडकलाय गं नेनिता. साहेब बघताहेत ना." दहाव्या दिवशी तिला माझ्याविना पुरलं.

"नेनिता, साहेबांचं पदक आण बरं, पाहुण्यांना दाखवू." टाळ्यांच्या भरात मॅडमनी पहिल्यांदाच आपल्या कपाटाची किल्ली माझ्या हातात दिली.

मी पदकाची डबी आणून साहेबांना दिली. मग त्या डबीखाली सापडलेला माझा पासपोर्ट सगळ्यांसमोर वर धरला.

"साहेब, हा चारशे तेरावा. तुमच्या कपाटातून मीच सोडवला."