अंजीर भरलेले स्कोन

कांदेपोहे करायचेच नाहीत, असं आक्कानं सकाळीच ठणकावलं होतं. जयसिंगपूरची मंडळी निशिगंधाला बघायला येणार, तर तिच्या हातचं नाव घेण्यासारखं जे आहे तेच त्यांच्यापुढं ठेवायचं. म्हणजे स्कोन. आत अंजीर, पिठात सब्जाची हिरवी पानं.

घोळ तिथंच झाला. मुलाच्या वडलांनी, गणपतरावांनी, एक स्कोन उलटासुलटा करून बघितला आणि याला पाव म्हणायचं का बिस्कीट, असं विचारलं. त्यांचा राजवीर खाली मान घालून हसला. त्याच्या आई, शालूबाई, मात्र हसल्या नाहीत. त्यांनी तुकडा मोडून चावला आणि कुठल्या बेकरीतनं आणलं, एवढंच विचारलं.

आक्काच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तरी तिनं आवाज चढवला नाही.

"आत या. तुमच्यासमोर करंल ती."

मुलगी बघायला आलेल्या बाईला थेट ओट्यापाशी नेऊन उभं करणं काही रीतीत बसत नव्हतं. पण अख्ख्या कसबा बावड्यात आक्काला रीत शिकवायची टाप कुणाची? निशिगंधानं पदर खोचला आणि कामाला लागली.

आक्का फ्रिजला टेकून बघत राहिली. कितीदा बघितलं असेल, तरी तिचं मन भरत नसे. गार लोणी ही पोरगी नुसत्या बोटांच्या टोकांनी मैद्यात चोळायची, तळहाताची ऊब लागू द्यायची नाही. मग चिरलेली सब्जाची पानं, बेताचं ताक, आणि पीठ मळायचं नाहीच, नुसतं गोळा करायचं. पेल्यानं चकत्या पाडायच्या. एका चकतीवर गुळात शिजवलेलं अंजीर, वर दुसरी चकती, कडा दाबून बंद. एवढं होईतो ओट्यावर चिमूटभर मैदा सांडला नव्हता. काय हात दिलाय देवानं, असं वाटून आक्काचा ऊर भरून आला.

माणसं चांगली होती. राजवीर शाळेत मास्तर, सरळ स्वभावाचा. मागच्या आठवड्यात दोघं फोनवर बोलली, तेव्हा निशिगंधा किती दिवसांनी खळखळून हसली होती. हे जमायलाच पाहिजे होतं. ही गेली की घर खायला उठणार, हे आक्काला पक्कं ठाऊक होतं. ते तिनं मनातल्या मनात गिळून टाकलं होतं.

वीस मिनिटांनी ओव्हन उघडला आणि घरभर वास सुटला. स्कोन निवेपर्यंतही शालूबाईंना धीर नव्हता. जीभ पोळली, तरी त्यांनी पहिला संपवून दुसरा उचलला. सब्जाची पानं कुठं मिळतात, ताकाऐवजी दही चालतं का, एकामागून एक विचारत सुटल्या. शेवटी, मलाही शिकवशील का गं, असं विचारलं तेव्हा निशिगंधा लाजली आणि गरम स्कोनची ताटली घेऊन बाहेर गेली.

"वळण चांगलं लावलंय तुम्ही पोरीला," शालूबाई म्हणाल्या.

आक्कानं ओव्हनचं दार लावलं. जीव भांड्यात पडला होता, तेवढं तिला पुष्कळ होतं.

शालूबाईंनी दाराकडं एकदा बघितलं आणि आक्काचा हात धरला. आवाज एकदम उतरला होता.

"पोरगी आमाला पसंत हाय. पयला नवरा वारला, त्येबी मध्यस्थानं सांगितलंय. त्यात तिचा काय दोष? पण त्याची आई हाय म्हणं अजून. लगीन ठरल्यावर ती आडवी आली, तर काय करायचं?"

"न्हाय येणार आडवी," आक्का म्हणाली. "ती मीच की."