चुलीमागची भिंत

सुमंत सिनेमाचे सेट उभारायचा. पण गावी, कडेगावात, कुणी त्याच्याबद्दल विचारलं, की आई म्हणायची, "शिनेमात हाय म्हणं, पर दिसत तर कवा न्हाई." म्हणून या नव्या सिनेमात सेट उभारता उभारता त्याने पोस्टमनचं कामही मागून घेतलं. सांगलीच्या थेटरात आईला शेजारी बसवून तो पडद्यापेक्षा तिच्याच तोंडाकडे बघत होता.

मध्यंतर.

"काम कसं झालंय, आई?"

"आरं, पोस्टमन असा चालतो व्हय? सासरवाडीला निघाल्यागत? लगीच कळतंय, सोंग हाय."

सुमंतचा चेहरा पडला.

समाप्त.

बाहेर आल्यावर त्याने भडंगाचा पुडा पुढे केला, तर आईने हातसुद्धा लावला नाही.

"आता काय झालं?"

"लेकीच्या बाळंतपणाला मी साताऱ्याला गेले, आन् माझ्या माघारी तू शिनेमाची माणसं आपल्या सैपाकघरात आणलीस? चुलीमागची भिंत काळीकुट्ट, फळीवरचा डबा चेपलेला. समद्या गावानं बघितलं की रं! आधी सांगितलं असतंस, तर चुना तरी मारला असता मी!"

ते स्वयंपाकघर सुमंतने मुंबईच्या स्टुडिओत प्लायवूडचं उभं केलं होतं. भिंतीवरची काजळी स्वतःच्या बोटांनी चोळली होती, आणि डबाही स्वतःच चेपला होता.

"चुकलं, आई," तो म्हणाला, आणि तिच्यासाठी चहा आणायला निघाला. अगदी सासरवाडीला निघाल्यागत.