उजेडातली पाठ

गिरिधर बाहेर गेला होता, म्हणून सुहासिनी नवऱ्याच्या स्टुडिओत केर काढायला शिरली, आणि दोरीवर वाळत घातलेला फोटो तिला दिसला.

स्टुलावर पाठमोरी बसलेली बाई. लुगडं कमरेपर्यंत उतरलेलं, केस खांद्यावरून पुढे घेतलेले. चेहरा दिसतच नव्हता. खिडकीतला उजेड मानेपासून कण्यावरून खाली आला होता आणि कमरेच्या वळणाशी सावलीत बुडाला होता.

जालन्यात गिरिधरचा धंदा चालायचा तो जहागीरदारांच्या आणि नवरानवरींच्या फोटोंवर. असलं त्यानं कधी काढलं नव्हतं.

तो आल्यावर तिनं विचारलं. त्यानं लपवलं नाही. राजूरच्या जत्रेला आलेल्या तमाशाच्या फडातली सोनूबाई. तिच्या राजीखुशीनं काढला, बोटसुद्धा लावलं नाही. ही कला आहे, मुंबईच्या प्रदर्शनात असे फोटो लागतात, असंही त्यानं समजावलं. सुहासिनीचा त्याच्यावर विश्वास बसला. तरी तिची नजर त्या फोटोवरून हलली नाही.

"माझा काढा," ती म्हणाली. "बराबर असाच."

"घरच्या बाईचा असा कोण काढतं?"

"मंग ती कुणाच्या घरची न्हाई?"

गिरिधरनं दोरीवरचा फोटो उतरवला.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्यानं दार लावलं. तेच स्टूल, तीच खिडकी. सुहासिनीनं पदर उतरवला, केस पुढे घेतले. तो कॅमेऱ्यामागच्या काळ्या कापडाखाली गेला. मान जरा डावीकडं कर म्हणाला. आणि लगेच झालं म्हणाला.

सोनूबाईला किती वेळ बसवलं होतं, तिनं पदर सावरत विचारलं. ऊन खिडकीवरून सरकेपर्यंत, असं तो बोलून गेला.

फोटो स्वच्छ आला. तिची पाठ सोनूबाईपेक्षा नितळ होती. तिनं दोन्ही फोटो शेजारी-शेजारी ठेवले आणि बघत राहिली. सोनूबाईच्या फोटोत उजेड पाठीवर हात ठेवल्यासारखा थांबला होता. सुहासिनीच्या फोटोत तो नुसता पडला होता.

तिचा चेहरा पाहून गिरिधरनं ज्या काचेवरून सोनूबाईचा फोटो छापला होता, ती मूळ काच उचलली. ही फोडतो, तो फोटोही फाडतो म्हणाला, म्हणजे तुझाच तेवढा राहील.

सुहासिनीनं काच त्याच्या हातातून घेतली आणि जपून टेबलावर ठेवली.

"राहू द्या. तिच्या फोटोत तुम्ही बी हायेत. माझ्यात मी एकटीच बसून राह्यले."